खेळण्यांचा शौकीन सुलतान

प्रश्न : १९४० च्या ‘द थीफ ऑफ बगदाद’ या चित्रपटातला, यांत्रिक खेळण्यांवर जीव टाकणारा सुलतान कोणी रंगवला?

उत्तर : ब्रिटिश अभिनेते-लेखक माइल्स मॅलेसन (१८८८–१९६९) यांनी. गंमत म्हणजे पटकथा-संवादही त्यांचेच! कळसूत्री बाहुलीच्या मिठीत मरण्याचा प्रसंग स्वतःसाठीच लिहिलेला. मला मात्र ‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’मधला (१९४९) त्यांचा फाशीगर जास्त आवडतो. ड्यूकला फासावर चढवायला मिळणार, तेही रेशमी दोरानं, म्हणून स्वारी हरखलेली; यानंतर साध्या दोरावर भागणार नाही, सरळ निवृत्तीच घेतो म्हणते! फ्रेंच नाटककार मोलिएरची नाटकंही त्यांनी इंग्रजी रंगभूमीवर आणली. आणि हो, या गमत्या माणसाच्या युद्धविरोधी नाटकाच्या प्रती १९१६ मध्ये सरकारनं जप्त केल्या होत्या. तेव्हा ते सैन्यात राहून आलेले होते.