पार्नेल की डेव्हिट?

प्रश्न : आमच्या वाचनकट्ट्यावर आयर्लंडच्या स्वातंत्र्यलढ्याविषयी पंधरा मिनिटं बोलायचं आहे, तेही एकाच माणसावर. पार्नेल घेऊ का? पुण्याच्या मंडळींना जवळचं वाटेल असं दुसरं कुणाचं नाव आहे का?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : मायकेल डेव्हिट घ्या. आयरिश खासदारांचा नेता म्हणून पार्नेल मोठा होताच, पण तो स्वतः जमीनदार. डेव्हिट कुळाच्या घरातला. जन्म १८४६चा, मेयो परगण्यातल्या स्ट्रेड गावचा, ऐन बटाट्याच्या दुष्काळातला. खंड थकला म्हणून १८५० मध्ये कुटुंबाला घराबाहेर काढलं. आई पोरांना घेऊन सरकारी गरीबखान्यात गेली. तिथे कळलं, तीन वर्षांवरच्या मुलग्यांना आईपासून वेगळं ठेवतात. ती तडक पोरांसह बाहेर पडली. मग सगळे इंग्लंडमध्ये लँकेशायरला गेले. तिथे अकराव्या वर्षी सूतगिरणीतल्या यंत्रात सापडून त्याचा उजवा हात गेला. गिरणी सुटली तेव्हा शाळा मिळाली, पुढे छापखान्यात कामही. क्रांतिकारकांसाठी शस्त्रं पाठवल्याबद्दल १८७० मध्ये पंधरा वर्षांची सक्तमजुरी झाली. डार्टमूरच्या तुरुंगात या एका हाताच्या माणसाला दगड फोडायला लावलं, गाड्याला जुंपलं. सात वर्षांनी सुटला तो जमिनीचा प्रश्न घेऊनच. १८७९ मध्ये त्याने लँड लीग ही कुळांची संघटना उभी केली आणि अध्यक्षपद पार्नेलला दिलं.

आता आपल्याकडे या. माझं आजोळ सुप्याजवळचं, सावकाराच्या घरातले कर्जरोखे जाळल्याच्या गोष्टी मी लहानपणापासून ऐकल्या. तो दंगा मे १८७५चा. त्याआधी शिरूर तालुक्यातल्या करडे गावाने सावकाराला वाळीतच टाकलं होतं. न्हावी, पाणी भरणारे, कुणीही त्याचं काम करेना. मेयोतल्या कुळांनी कॅप्टन बॉयकॉट नावाच्या, एका जमीनदाराच्या कारभाऱ्याचं हेच केलं, १८८० मध्ये. कुणी कुणाचं पाहून केलं नाही, पिचलेल्या गावाला हाच उपाय सुचतो. फरकही सांगा : तिथे छातीवर जमीनदार होता, इथे सारा घेणारं सरकार आणि कर्ज देणारा सावकार. दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला १८७९ मध्ये, आयर्लंडच्या कुळांना वाजवी खंडाचा कायदा मिळाला १८८१ मध्ये. दोन्हीकडे आधी लोक उठले, मग सरकार हललं.

जमीन राष्ट्राच्या मालकीची व्हावी असं डेव्हिटचं मत होतं. ते त्याच्याच शेतकऱ्यांना पटलं नाही, त्यांना स्वतःच्या नावावर हवी होती. हे लपवू नका, त्याने माणूस खरा वाटतो.

दादाभाई नौरोजींना आयर्लंडमधून संसदेत पाठवावं, हे पार्नेलला सुचवणारा डेव्हिटच. पार्नेलने ते मानलं नाही. दादाभाई १८९२ मध्ये लंडनच्या मध्य फिन्सबरीतून निवडून गेले. डेव्हिट स्वतःही खासदार होता, त्याच्या खासदारकीच्या बाकी वर्षांवर दोन वाक्यं पुरेत. १८९९चा राजीनामा मात्र सोडू नका : बोअर युद्धाच्या निषेधार्थ त्याने जागा सोडली आणि स्वतः दक्षिण आफ्रिकेला गेला.