औषधांची निविदा तांत्रिक छाननीत बाद झाली, उच्च न्यायालयात जावे का?

वाचकांचा प्रश्न थोडक्यात असा. गोळ्या बनवणाऱ्या छोट्या कारखान्याचे ते भागीदार. सरकारी रुग्णालयांच्या औषधखरेदीत त्यांची निविदा तांत्रिक छाननीत बाद झाली. पोर्टलवर कारण एकाच ओळीचे: ‘कलम ४.३ नुसार अपात्र’. हे कलम काळ्या यादीतल्या किंवा खरेदीस मनाई झालेल्या कंपन्यांसाठी आहे. यांच्यावर तशी कारवाई कधीच झालेली नाही. दुसऱ्या राज्यात मात्र त्यांच्या एका बॅचचा नमुना गोळी विरघळण्याच्या चाचणीत नापास झाला होता. “आमचा दर सर्वांत कमी असताना हा अन्याय नाही का?”

दराचा मुद्दा आधी सोडून द्या. तुमचा वित्तीय लिफाफा, म्हणजे दराचा भाग, उघडलाच गेला नाही, त्यामुळे कायद्याच्या नजरेत तुमचा दरच अस्तित्वात नाही. शिवाय राज्यघटनेच्या कलम २२६ खाली (रिट याचिकेत) उच्च न्यायालय निविदेवर अपील ऐकायला बसत नाही. निर्णय कसा घेतला गेला हे तपासायचे, त्याच्या जागी स्वतःचा निर्णय ठेवायचा नाही, ही मर्यादा सर्वोच्च न्यायालयाने टाटा सेल्युलर खटल्यात १९९४ साली आखून दिली. अटीचा अर्थ लावण्यातही निविदा काढणाऱ्याला बरीच मोकळीक मिळते, हे ॲफकॉन्सच्या २०१६ च्या निकालात दिसते.

तरीही तुमच्या हातात एक चांगला मुद्दा आहे. नमुना नापास होणे आणि काळ्या यादीत जाणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. औषधे व सौंदर्यप्रसाधने कायदा, १९४० च्या कलम २५ प्रमाणे शासकीय विश्लेषकाच्या (नमुना तपासणाऱ्या सरकारी तज्ज्ञाच्या) अहवालाची प्रत मिळाल्यापासून २८ दिवसांत, त्याविरुद्ध पुरावा द्यायचा आहे असे लेखी कळवले, तर तो अहवाल निर्णायक राहत नाही. तुम्ही औषध निरीक्षकाला १९ व्या दिवशी पत्र दिले आहे. त्याची पोचपावती जपून ठेवा. सगळ्या फायलीत तोच सर्वांत मोलाचा कागद आहे. कलम ४.३ मध्ये ‘नापास नमुना’ हे शब्दच नसतील, तर तुम्हाला त्याखाली बाद करणे म्हणजे नसलेली अट लावणे. आणि मोहिंदरसिंग गिल प्रकरणापासून (१९७८) हे पक्के आहे की आदेशात न दिलेली कारणे नंतर प्रतिज्ञापत्रातून जोडता येत नाहीत.

आता अडचणीचे बोलू. तुम्ही पाठवलेल्या कागदांत निविदेसोबतचे शपथपत्र आहे. त्याच्या सहाव्या परिच्छेदात तुम्ही लिहून दिले आहे, ‘मागील तीन वर्षांत आमचा कोणताही नमुना अप्रमाणित ठरलेला नाही’. छापील नमुना होता, सही करून टाकली, असे तुम्ही म्हणाल. मला ते पटेलही. पण समोरचा वकील पहिल्यांदा हेच पान उघडेल, आणि रिटमध्ये वस्तुस्थिती लपवणाऱ्याला न्यायालय दारातूनच परत पाठवू शकते. म्हणून ही बाब याचिकेत तुम्हीच, तीही सुरुवातीलाच, २८ दिवसांच्या मुदतीत दिलेल्या त्या पत्रासह मांडा. लपवलेली गोष्ट दुसऱ्याने बाहेर काढली तर तुमचा चांगला मुद्दाही ऐकून घेतला जाणार नाही.

वेळ कमी आहे. निविदेतच तक्रारीची तरतूद असेल तर आजच लेखी हरकत नोंदवा, पण उत्तराची वाट पाहत महिना घालवू नका. पुरवठा आदेश निघाला, औषधे रुग्णालयांत पोहोचू लागली, की स्थगिती मिळणे जवळजवळ अशक्य. वॉर्डातली औषधे थांबवायला कोणतेही न्यायालय सहजी तयार होत नाही, आणि व्हायलाही नको. ‘ठेका मला द्या’ असे मागू नका. ‘अपात्रतेचा आदेश रद्द करून कारणांसह फेरछाननी करा’ एवढेच मागा, आणि ज्या कंपनीची निविदा स्वीकारली गेली तिला प्रतिवादी करायला विसरू नका.

एक धोका सांगून ठेवतो. त्या शपथपत्रावरून खरेदी संस्था तुम्हालाच काळ्या यादीत टाकायला निघू शकते. तसे करण्याआधी नोटीस द्यावी लागते, आणि काळ्या यादीचा विचार आहे हे त्या नोटिशीतून स्पष्ट कळायला हवे, असे गोरखा सिक्युरिटी प्रकरणात (२०१४) सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. अशी नोटीस आली तर घाईने माफीनामा लिहून देऊ नका; उत्तर जाण्याआधी ते वकिलाच्या नजरेखालून जाऊ द्या.