तिने त्याला वाचवलं, मग ती आली कुठून?

तुमच्या कथेतली अडचण थोडक्यात अशी : नायिका काळात मागे, 1969 च्या गोदावरीच्या पुरात जाऊन पोहोचते आणि आजीच्या पहिल्या नवऱ्याला बुडताना बाहेर काढते. तो वाचला, म्हणजे आजीचं दुसरं लग्न नाही, म्हणजे नायिकेची आई नाही, म्हणजे नायिकाही नाही. मग त्याला काढलं कोणी? ज्यांना कथा वाचायला दिलीत त्यांनी ही चूक ठरवली आणि तुम्ही आता ते प्रकरणच उडवायला निघालात. उडवू नका, कथेत जीव आहे तो तिथेच.

तयार उपाय तुम्ही चाळलेच असणार. भौतिकशास्त्रज्ञ हॉकिंग यांनी 1992 मध्ये मांडलेला तर्क असा की निसर्ग भूतकाळात जाऊच देत नाही. मग कथाच नाही. त्याच शास्त्रातल्या एव्हरेट यांच्या 1957 च्या मांडणीतून पुढे निघालेली अनेक विश्वं घेतलीत, तर वाचलेला माणूस दुसऱ्याच विश्वातला, आणि आपल्या आजीचा नवरा इथे बुडाला तो बुडालाच. वाचकाला फसवल्यासारखं वाटतं. तिसरं भौतिकशास्त्रज्ञ नोविकोव्ह यांचं : भूतकाळात जे करायला जाल ते आधीच घडून गेलेल्यात जमा असतं. म्हणजे ती त्याला वाचवूच शकत नाही, पाय घसरेल, दोर तुटेल, काहीतरी होईल.

या तिसऱ्यात मात्र एक गंमत आहे. पोल्चिन्स्की या भौतिकशास्त्रज्ञांनी कोडं घातलं होतं की बिलियर्डचा चेंडू कृमिविवरात, म्हणजे भूतकाळात नेणाऱ्या काल्पनिक बोगद्यात, शिरला, थोडा आधीच बाहेर आला आणि त्याने स्वतःलाच असा ठोकला की तो विवरात शिरलाच नाही, तर? भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्यांच्या दोन विद्यार्थ्यांनी 1991 मध्ये गणित करून दाखवलं की ठोकर निसटती बसली तर सगळं जुळतं. कॅरम खेळलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. पण जुळणारे मार्ग एक-दोन निघाले नाहीत, असंख्य निघाले, आणि त्यातला कुठला घडेल हे समीकरणं सांगत नाहीत. माझी कल्पना त्या फटीत शिरते. कल्पनाच बरं का, शास्त्र नव्हे. थापच आहे, पण शिस्तीतली.

मी नाशिकरोडचा. इथे नोटा छापतात हे तुम्हाला सांगायला नको. भाचीच्या लग्नात पाकिटांत घालायला दहाच्या नोटांचं कोरं बंडल आणलं होतं. मुलगा नंबर बघत बसला आणि मध्येच ओरडला, ‘बाबा, ही खोटी आहे.’ नंबराच्या अक्षरांपुढे एक चांदणी छापलेली. नंबरही ओळीतला नाही. खोटी नव्हती. छपाईत एखादी नोट बिघडली की ती बाजूला काढतात आणि तिच्या जागी चांदणीची नोट घालतात. ही पद्धत 2006 पासूनची. पूर्वी त्याच नंबराची नोट पुन्हा छापावी लागायची. आता बंडलात शंभर नोटा शंभरच भरतात, फक्त क्रम तुटतो.

वास्तव हेच करतं, असं धरून चला. ते मोजणी सांभाळतं, क्रम नाही. तुमची नायिका ही बिघडलेली नोट. ती बाजूला गेली. पण वाचवणं ही घटना मोजलेली आहे, ती जाणार नाही. तिच्या जागी चांदणीची घटना आली : माणूस वाचला, वाचवणारं कोणी नाही. तो जन्मभर सांगत राहील, ‘कोणीतरी दंडाला धरून ओढलं.’ कोणी, ते आठवणार नाही. आणि आजी? तिला तर काही ठाऊक असायचं कारणच नाही. ती रात्री पानं मांडताना एक पान जास्त मांडते, क्षणभर बघते आणि उचलून ठेवते. बस्स. याहून जास्त समजावलंत की गेलं.

बिघडलेली नोट लगेच का काढायची, यालाही कारण आहे. नेहमीच्या तर्कशास्त्रात एक विसंगती खरी मानली की तिच्यातून वाट्टेल ते सिद्ध करता येतं. अगदी गंगापूर धरणात चहा आहे हेही. म्हणून डाग पसरायच्या आत तेवढा तुकडा कापावा लागतो. तत्त्वज्ञ रसेल यांच्या नावाने सांगतात तो न्हावी घ्या : जे स्वतःची दाढी करत नाहीत त्या सगळ्यांची, आणि फक्त त्यांचीच, दाढी तो करतो. मग त्याची स्वतःची? गोदाकाठच्या रामकुंडावर रोज शेकडो डोकी भादरली जातात, पण तसा न्हावी तिथे बसलेला सापडणार नाही. तो असूच शकत नाही. ‘हे वाक्य खोटं आहे’ या वाक्याची सोय तर्कशास्त्रज्ञ क्रिपके यांनी 1975 मध्ये वेगळी केली : ते खरंही नाही, खोटंही नाही, मधल्या फटीत पडून राहतं. तुमची नायिका न्हाव्यासारखी नाहीशी होते की त्या वाक्यासारखी फटीत राहते, हे आधी ठरवा. मी फटीत ठेवीन. शेवटच्या प्रसंगात तिला बोलायला जागा उरते.

विसंगती केवढी, हे मोजायला आपल्याकडे दुतोंड्या मारुती उभाच आहे, गोदावरीतली ती मूर्ती, जिच्यावरून नाशिककर पुराची उंची मोजतात. पाणी घोट्याला लागलं, तर दहा वेळा शोधलेल्या कप्प्यात किल्ली सापडते. कमरेला, तर दोघं भाऊ एकच प्रसंग वेगवेगळा सांगतात आणि दोघंही खरं बोलत असतात. गळ्याशी, तर लग्नाच्या फोटोत एक बाई उभी, जिला दोन्हीकडचं कोणीच ओळखत नाही. तुमची कथा गळ्याशी आहे. 2019 च्या ऑगस्टमधल्या पुरासारखं डोक्यावरून पाणी नेऊ नका, मग सांगायला कोणी उरत नाही.

आणि नोटा तपासणारा कोण, हे अजिबात दाखवू नका. आपल्या लेखकांना अशा वेळी चित्रगुप्ताला वही घेऊन बसवायचा फार मोह होतो. मीही एकदा बसवला होता. ती कथा अजून ट्रंकेत आहे.

आता खरी चूक सांगतो, ती कोणी दाखवलेली दिसत नाही. तिसऱ्या प्रकरणात गोदाकाठच्या नारोशंकर मंदिराच्या घंटेला पाणी लागलंय आणि तुमची नायिका रामकुंडाच्या पायऱ्या उतरतेय. घंटेला पाणी असताना त्या पायऱ्या कुठल्या दिसायला? तिला नदीवरच्या होळकर पुलावर आणा, हातात दोर द्या.