सूरशंका: पाण्यातले सूर

प्रश्न: तुळशीबागेतून चिनी मातीचे आठ वाडगे आणून घरी जलतरंग (पाणी भरलेल्या वाडग्यांवर काठीने वाजवायचं वाद्य) लावतो आहे. निम्मा वाडगा भरला तरी सूर हलत नाही आणि पाणी काठाशी पोचलं की एकदम कोसळतो. रात्री लावलेला सूर सकाळी चढलेला असतो. काय करावं?
– एक वाचक, कोथरूड

उत्तर: टोला पडला की वाडग्याची भिंत थरथरते. ही थरथर काठाशी सर्वांत जास्त, तळाशी जवळजवळ नाहीच. भिंतीला लागून असलेलं पाणी तिला जड करतं, जड भिंत सावकाश हलते आणि सूर उतरतो. त्यामुळे तळातल्या पाण्याने फारसं काही घडत नाही, काठाजवळ मात्र चमचाभर पाणीसुद्धा सूर पाडतं. म्हणजे खरं काम भांडी निवडताना व्हायला हवं. रिकाम्या वाडग्याचा सूर हव्या असलेल्या सुरापेक्षा एक-दोन अर्धस्वरच (अर्धस्वर म्हणजे पेटीच्या शेजारशेजारच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर) वर असावा. मग पाणी मधल्या पट्ट्यात राहतं आणि सूर हाताशी राहतो.

दुकानात जाताना पातळ लाकडी काठी आणि मोबाइलवर ट्यूनर (सूर किती वर-खाली आहे ते दाखवणारं ॲप) न्या. वाडगा तीन बोटांच्या टोकांवर तोलून काठावर हलका टोला द्या. आवाज बद्द आला तर केसाएवढी भेग आहे असं समजा, वरून दिसो न दिसो. काठावर चार-पाच ठिकाणी वाजवून बघा. सूर बदलला किंवा लहरत राहिला तर भिंतीची जाडी सारखी नाही. कान असलेले कप मुळीच घेऊ नका. कानापाशी वाजवलं तर एक सूर येतो, त्यापासून ४५ अंशांवर वाजवलं तर दुसरा.

घरी प्रत्येक वाडग्याखाली कापडाची छोटी चुंभळ ठेवा आणि वाडगे एकमेकांना टेकू देऊ नका. नळाचं ताजं पाणी तासभर ठेवून मग भरा, नाहीतर भिंतीला बुडबुडे चिकटतात आणि नाद दबतो. सूर उतरवायला आणि चढवायला बिनसुईची ५ मिलीची सिरिंज फार सोयीची. रात्रीतून सूर चढतो तो पाणी उडून गेल्यामुळे. पंखा चालू असेल तर आणखी लवकर. वाजवण्याआधी रोज लावावंच लागतं, त्याला पर्याय नाही.

ट्यूनरवर फार विसंबू नका. तानपुऱ्याशी मिळणारा शुद्ध गांधार ट्यूनरच्या खुणेपेक्षा सुमारे १४ सेंट (सेंट म्हणजे अर्धस्वराचा शंभरावा भाग) खाली असतो, शुद्ध धैवत सुमारे १६ सेंट. षड्ज ट्यूनरवर लावा, बाकीचे सूर तानपुरा चालू ठेवून कानाने.

प्रश्न: श्रावणातल्या कार्यक्रमात जलतरंगावर मियाँ मल्हार वाजवायचा आहे. जमेल का?
– एक वाचक, बिबवेवाडी

उत्तर: आमच्या मते यंदा मेघ राग घ्या. मियाँ मल्हाराचा जीव आंदोलित, म्हणजे सावकाश झुलत्या, कोमल गांधारात आहे, आणि जलतरंगावर टोला पडल्यावर सूर जिथल्या तिथे राहतो. टोल्यापाठोपाठ काठीचं टोक पाण्याला अलगद लावलं की सूर किंचित डोलतो, पण तेवढ्याने तो गांधार उभा राहत नाही. उगाच ओळखीच्या रागाचा सांगाडा ऐकवण्यात काय हशील? मेघात गांधार-धैवत वर्ज्य (लागत नाहीत), निषाद कोमल. मध्यमावरून ऋषभावर येणारी मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणं) त्यातही हवीच, ती वरच्या युक्तीने निदान सुचवता येते. अकरा वाडगे पुरतात: मंद्र (खालच्या) सप्तकातले प, नि, मध्य सप्तकातले सा, रे, म, प, नि, तार (वरच्या) सप्तकातले सा, रे, म, प. मोठा वाडगा डावीकडे ठेवून अर्धवर्तुळात मांडा. शेवटी तार षड्जावर ‘झाला’ (जलद, सलग टोल्यांचं वादन) धरलात तर सरींचा भास छान होतो. वाद्य सभागृहात जाऊन, तिथले पंखे बंद करूनच लावा.

प्रश्न: मुलगा विचारतो, बाटलीत पाणी वाढवून फुंकलं तर सूर चढतो, मग वाडग्यात उलट का?
– एक आई, सिंहगड रस्ता

उत्तर: फुंकताना बाटलीतली हवा वाजते, पाणी वाढलं की हवेची जागा कमी होते, म्हणून सूर चढतो. त्याच बाटलीवर चमचा मारायला सांगा. आता काच वाजेल, आणि पाणी वाढवलं की सूर उतरेल.