कालयंत्रातला पदार्थ रत्नागिरीच्या काळ्या वाळूत सापडला असं दाखवलं तर पटेल का?

कालप्रवासाची कथा लिहिताय, आणि यंत्रात ऊर्जा वाहून नेणारा तुमचा काल्पनिक पदार्थ आमच्या किनाऱ्यावरच्या काळ्या वाळूतून काढायचाय. वाचकाला पटेल का, असा तुमचा प्रश्न. पटेल, पण त्या पदार्थाला एखादी खोड ठेवा. नुसताच सर्वगुणसंपन्न पदार्थ कोणाला खरा वाटत नाही.

मी मोटार वायंडिंगवाला, त्यामुळे दिवसभर तांब्याच्या तारेशी गाठ. तांबं एवढं गुणी, तरी 20 अंशांवरून 120 अंशांवर गेलं की त्याचा रोध, म्हणजे विजेला होणारा अडथळा, साधारण 40 टक्क्यांनी वाढतो. म्हणजे तेवढ्याच करंटला उष्णता आणखी जास्त. त्यात तारेवरचं इनॅमल, म्हणजे वेढे वेगळे ठेवणारा पातळ थर, करपलं की वेढे आपसात शॉर्ट होतात आणि मोटार जळते. पण किनाऱ्यालगतच्या विहिरीवरचा पंप उघडलात तर निम्म्या वेळा तार ठणठणीत असते. टर्मिनलचं झाकण काढावं तर खाऱ्या हवेनं लगवर, म्हणजे वायरीच्या टोकाच्या धातूच्या तुकड्यावर, हिरवट थर चढलेला, स्क्रू गंजून सैल, आणि सैल सांधा तापून वायरीचं कव्हर वितळलेलं. दुखणं सांध्यात असतं. तुमचं यंत्रही बिघडवायचं असेल तर तिथेच बिघडवा, इकडचा कोणीही वायरमन मान डोलावेल.

आता मोठी खोड. अजिबात रोध नसलेले पदार्थ खरोखरच आहेत, त्यांना अतिवाहक म्हणतात. 1911 साली नेदरलँड्समधल्या लायडनला कामरलिंग ओनेस या शास्त्रज्ञांना पाऱ्यात हा गुण दिसला, तोही उणे 269 अंशांच्या आसपास. 1987 मध्ये इट्रियम, बेरियम आणि तांब्याच्या ऑक्साइडचा पदार्थ निघाला, त्याला द्रव नायट्रोजनची थंडी पुरते. पण तापमान, चुंबकीय क्षेत्र किंवा करंट, तिघांपैकी एकाने जरी मर्यादा ओलांडली तरी अतिवाहकता जाते. मोठ्या चुंबकाच्या कॉइलमध्ये असं झालं की साठलेली ऊर्जा बघता बघता उष्णता होऊन बाहेर पडते आणि थंड ठेवणारं द्रव हेलियम उकळून उडून जातं. याला क्वेंच म्हणतात. नायक 1850 सालात पोचलाय आणि परतीच्या वाटेवर क्वेंच झाला, झाली की तुमची कथा! तिथे त्याला द्रव हेलियम कोण देणार?

वाळूचं म्हणाल तर रत्नागिरीजवळच्या काळबादेवी, मिऱ्या या भागात काळी वाळू आहेच. त्यात मुख्यतः इल्मेनाइट, म्हणजे लोह आणि टायटॅनियमचं ऑक्साइड, आणि थोडं मॅग्नेटाइट. मागच्या डोंगरांतला बेसॉल्ट झिजून ती आलीय, आणि तो बेसॉल्ट सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. पावसाळ्यात लाटा हलकी वाळू ओढून नेतात, जड कण मागे राहतात, म्हणून तेव्हा काळे पट्टे उठून दिसतात. लोहचुंबक फिरवलात तर मॅग्नेटाइटचे कण मिशांसारखे उभे चिकटतात. हा प्रसंग कथेत जरूर घ्या. मात्र इल्मेनाइट तारेसारखं वीज वाहत नाही, तेव्हा तुमचा पदार्थ त्या वाळूत चिमूटभर मिसळलेला दाखवा. आणि ती किरणोत्सर्गी करू नका. थोरियमवाली मोनाझाइटची वाळू केरळातली, आमची नव्हे.

एक गोष्ट बरेच जण विसरतात. वाहक ऊर्जा फक्त इकडून तिकडे नेतो, काळाचं दार उघडत नाही. 1988 मध्ये भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कृमिविवरातून, म्हणजे अवकाशातल्या दोन जागा जोडणाऱ्या काल्पनिक बोगद्यातून, मागच्या काळात जाण्याचं गणित मांडलं, त्यात विवर उघडं राहायला ऋण ऊर्जा, म्हणजे शून्याहूनही कमी ऊर्जा, लागते. ती कुठून आली हे एका वाक्यात उरका आणि वाहकाच्या खोडीकडे वळा, कारण वाचक हाताला लागेल अशाच गोष्टीवर विश्वास ठेवतो.

आणि वाळू रातोरात डंपरने उचलून नेली असं दाखवू नका. इथे वाळू उपशाचं नाव काढलं की आधी ग्रामसभा बसते. त्या सभेतल्या भांडणाला दोन पानं द्या, कालयंत्राच्या वर्णनाला अर्धं पुरे.