‘सिंगिन इन द रेन’ (१९५२) या हॉलिवूडच्या सिनेमातल्या जीन हेगन या नटीचा आवाज खरंच तसा चिरका होता का? पुढे तिचं काय झालं?

नाही हो, अजिबात नव्हता! हे इतक्या तावातावाने सांगतेय, कारण असल्याच गैरसमजाने माझी नाटकातली उमेदीची वर्षं खाल्ली.

कॉलेजच्या एकांकिकेत मी भांडखोर शेजारीण करायचे. तो चिरका आवाज मी घरी आरशापुढे बसून, टाळूला जीभ लावून लावून कमावला होता. प्रयोगानंतर घसा असा सोलवटायचा की रात्रभर ज्येष्ठमध चघळत बसायचे. टाळ्या मात्र दणकून पडल्या. पुढच्या वर्षी आईची भूमिका मागितली, तर दिग्दर्शक म्हणाला, “तुझा आवाजच तसला आहे गं, लोक हसतील.” मग पुढेही मोलकरीण, कजाग सासू, नाहीतर पुन्हा शेजारीणच.

आता जीनकडे बघा. कथेत ती झालीय लीना, मूकपटांतली नटी; तिचा चिरका आवाज बोलपटाला चालत नाही, म्हणून डेबी रेनल्ड्सची कॅथी तिला आपला आवाज देते. पण डबिंग केलेल्या त्या संवादांत जो भारदस्त, गोड आवाज ऐकू येतो, तो खुद्द जीनचा आहे! (‘वुड यू’ हे गाणं मात्र बेटी नॉइसने गायलंय.) म्हणजे जिच्या आवाजाला सगळं थिएटर हसलं, तिचाच आवाज ‘चांगला आवाज’ म्हणून वापरला.

त्याआधी दोनच वर्षं, १९५० साली, जॉन ह्यूस्टनच्या ‘द अस्फाल्ट जंगल’ या सिनेमात तिने डॉल नावाच्या बाईची भूमिका केली होती. रडून रडून काजळ ओघळलंय आणि ती खोट्या पापण्या सोलून काढतेय, तो प्रसंग बघा. हसू येतं का सांगा.

लीनासाठी तिला ऑस्करचं नामांकन मिळालं, पुरस्कार ग्लोरिया ग्रॅहमला गेला. त्यानंतर त्या तोडीचं काम सिनेमात मिळालं नाही. टीव्हीवर ‘मेक रूम फॉर डॅडी’मध्ये डॅनी थॉमसची बायको झाली, एमी या टीव्हीच्या पुरस्काराची तीन नामांकनं मिळवली. १९७७ साली ५४व्या वर्षी गेली.

सगळा दोष छाप मारणाऱ्यांचाच, असंही नाही म्हणा. ती मालिका १९५६ साली तिने स्वतःहून सोडली, पुढे तब्येतही साथ देईना.

तरी तुम्ही कधी नाटक बसवलंत, तर चिरकं बोलणाऱ्या मुलीला तिच्या साध्या आवाजात चार ओळी वाचायला सांगा. मी त्या दिवशी आईचा अख्खा उतारा पाठ करून गेले होते. कुणी म्हणायलाच सांगितला नाही.