आतून पेटलेली गाठ

बेटा,

परवा तुझी आई आली होती. तक्रार घेऊन नाही, कळण्याचं पीठ द्यायला. बोलता बोलता एवढंच म्हणाली, "हल्ली त्याला जेवायला हाक मारायची भीती वाटते." तेव्हापासून लिहीन लिहीन म्हणतोय.

भुसावळ-जळगाव रोजचं अपडाउन, साहेबांचं चारचौघांत बोलणं, महिन्याचा हप्ता, उन्हाळ्यात तर वर 45 अंशांचा पारा. तू सगळ्याला 'हो' म्हणतोस. लोक तुला शांत म्हणतात. मला नाही वाटत.

मी 30 वर्षं जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, काढली. कापसात खडा आला की यंत्रात ठिणगी पडते. दिसली, तर बादलीभर पाण्याचं काम. पण न दिसता रुईबरोबर, म्हणजे सरकी काढलेल्या कापसाबरोबर, प्रेसमध्ये गेली, की 170 किलोच्या गाठीत दाबली जाते. हवा कमी, म्हणून ज्वाळा नाही. आतल्या आत धुमसते आणि दोन-चार दिवसांनी गोदामात भलत्याच गाठींना घेऊन पेटते. मग वरून पाणी मारून भागत नाही. गाठ बाहेर ओढून, पट्ट्या तोडून उकलावी लागते.

माझंही तेच झालं. एकदा वरच्या माणसानं माझा ओव्हरटाइम कापला. मी 'बरं' म्हणालो आणि घरी येऊन शेवभाजी सांडली म्हणून पोरीवर ओरडलो. पुढं कितीतरी दिवस माझी सायकल दारात वाजली की ती दप्तर उचलून आत जायची. कापलेले पैसे किती होते, ते आज आठवत नाही भो.

उशी बडव, भांडं आपट, असं कोणी सांगेल. ऐकू नकोस. त्यानं राग उतरत नाही, हाताला सवय लागते. कान तापले, दात आवळले, की ठिणगी पडली समज आणि जिथलं तिथं बोल. "साहेब, चुकलं असेल तर केबिनमध्ये सांगा, सगळ्यांसमोर नको," एवढं पुरे. पहिल्यांदा आवाज कापेल. कापू दे. साहेब सुधारेल याची हमी नाही हां, पण तू घरी मोकळा येशील. ज्या दिवशी बोलणं जमणारच नाही, त्या दिवशी घरात सांग, "डोकं तापलंय, अर्धा तास द्या." झोप उडाली, हात उचलावासा वाटू लागला, तर 14416 ला फोन लाव. मनाच्या त्रासासाठीची सरकारी हेल्पलाइन आहे, फुकट आहे. त्यात कमीपणा कसला?

रविवारी ये. बामणोदची वांगी आणतो, कपाशीच्या काड्यांवर भाजू, त्याच पिठाच्या पुऱ्या करू. आईला घेऊन ये. आणि जेवायला हाक तू मार.

— काका